पौर्णिमेच्या दुपारची ओहोटी

आमच्या तालुक्यात एक विज्ञानकथालेखक राहतात हे डहाणूकरांना कळलं, तेव्हा लेखक चौऱ्याऐंशी वर्षांचे झाले होते. तोवर ते फक्त सर होते. कोसबाडला टेकडीवर राहणारे, शेतीचं शिकवून निवृत्त झालेले, लावलेलं कलम हमखास जगवणारे सर. पहाटे चार ते सात ते लिहीत आणि सातनंतर मातीत हात घालत. हा क्रम चाळीसेक वर्षं चालला. त्या तीन तासांत मंगळावर वसाहती झाल्या, शनीच्या कड्यांत दरोडे पडले, विचार करणारी झुरळं जन्मली आणि मेली. पुस्तकं मुंबईत छापली जायची, एसटी स्टँडवरच्या स्टॉलवर खपायची. इकडे मात्र लोक सरांना रस्त्यात थांबवून एवढंच विचारायचे, की चिकूची फुलं गळताहेत, काय फवारू?

मग घोलवडच्या एका चिकू बागायतदारांना कुणीतरी सांगितलं की सरांची शंभर पुस्तकं आहेत. शंभर हा आकडा माणसाला स्वस्थ बसू देत नाही. आठवड्याभरात समिती झाली, बागायतदार तिचे अध्यक्ष झाले, व्हॉट्सअ‍ॅपवर ग्रुप निघाला आणि स्टेशनबाहेर फ्लेक्स लागला. फ्लेक्सवर अग्निबाण होता, शनी होता, ‘शतकपूर्ती गौरव सोहळा’ अशी सोनेरी अक्षरं होती आणि हात जोडलेले अध्यक्ष होते. सर उजवीकडे खाली होते, साधारण उपग्रहाच्या आकाराचे.

मी शाळेत ग्रंथपाल होते. निवृत्त माणसाला काम सांगताना कुणाला संकोच वाटत नाही, त्यामुळे स्मरणिकेसाठी शंभर पुस्तकांची यादी करायचं माझ्याकडे आलं. मी वही घेऊन कोसबाडला गेले. सरांनी पलंगाखालून दोन पत्र्याच्या ट्रंका ओढल्या आणि चहा करायला आत गेले.

दुसऱ्या दिवशी माझ्या लक्षात आलं की शुक्रावर घडलेली एक कादंबरी तीन वर्षांनी नेपच्यूनवर जशीच्या तशी घडली होती. नायक तोच, खलनायकाची मिशी तीच, शेवटचा स्फोटही तोच. अशा जोड्या पुढे बऱ्याच निघाल्या.

“प्रकाशकाचा पुनर्जन्मावर विश्वास होता,” सर म्हणाले. “कव्हर बदललं की आत्मा नव्या देहात.”

“म्हणजे शंभर नाहीत.”

“नसतील. मी कुठे मोजली? मोजली ती त्या चिकूवाल्याने.”

खरी पुस्तकं अठ्ठ्याऐंशी भरली. त्यांतलं एक ट्रंकांमध्ये नव्हतं, ‘खाडीतले पाहुणे’. त्याचं नाव काढलं तशी सरांची थट्टा थांबली.

“बाई, बाकी सगळी दुसऱ्या ग्रहांवरची. हे एकच इथलं, डहाणूच्या खाडीतलं. माझी प्रत कुणीतरी नेली ती आलीच नाही. मला आठवतं ते खरं असेल, तर माझं सगळ्यात चांगलं पुस्तक तेच. आणि खरं नसेल, तर तेही मला कळायला हवं.” मग समितीला सांगायचा निरोप त्यांनी मला दिला. सोहळ्यात वाचेन तर त्यातलंच वाचेन. ते मिळालं नाही, तर खुर्चीवर दुसऱ्या कुणाला तरी बसवा.

मी अध्यक्षांना दोन्ही बातम्या एकदमच दिल्या. अठ्ठ्याऐंशी ही बातमी त्यांनी पचवली.

“बाई, चिकूच्या पेटीत वरचा थर बघतात. खालचे कोण मोजतं?”

“मी,” मी म्हटलं.

दुसरी मात्र त्यांना झेपली नाही आणि त्यांच्या मराठीतलं गुजराती वर आलं. “शोधा ने, बाई! फ्लेक्स लागलाय!”

शोधलं. मुंबईतल्या प्रकाशकाच्या जागी आता मोबाईलची कव्हरं विकली जातात. तलासरीच्या एका वाचनालयात पुस्तक रजिस्टरमध्ये होतं, कपाटात नव्हतं. तिथला तरुण मला समजावून सांगू लागला, “मॅडम, आहे, पण नाही.” हे वाक्य मी स्वतः वीस-पंचवीस वर्षं लोकांना ऐकवलेलं असल्यामुळे मला त्याचा राग आला नाही. शेवटी आमच्या शाळेत जाऊन जुनं रजिस्टर काढायला लावलं. ‘खाडीतले पाहुणे’ तिथेही होतं आणि त्यापुढे लाल शाईत, माझ्याच वळणदार अक्षरात, ‘गहाळ’ असं लिहिलं होतं.

सोहळ्याला दहा दिवस उरले होते. पावसाळ्यातली मासेमारीची बंदी चालू होती आणि बाजारात सुक्या मासळीवर भागत होतं. धाकट्या डहाणूची एक कोळीण माझी ठरलेली. ती माझ्या शाळेत आठवीपर्यंत शिकली, त्यानंतर टोपली घेऊन बसली, आणि तेव्हापासून मी मासळी तिच्याकडूनच घेते.

“काय वो बाई, आज तोंड का उतरलंय?”

“एक पुस्तक शोधतेय. मिळत नाही.”

“कुठलं?”

मी नाव सांगितलं, सरांची अटही सांगितली. बोंबील भरता भरता ती थांबली. मग पिशवीत एक मूठ जास्त टाकली. मग आणखी एक.

“अगं, एवढे कशाला?”

“रागवू नका हां, बाई. ते पुस्तक आमच्या घरी हाय.”

आठवीच्या सुट्टीत कपाट लावायला मी तिला मदतीला घेतलं होतं. तेव्हा तिने ते नोंद न करता घरी नेलं होतं. ती वाचायच्या आत बापाने वाचायला घेतलं. बाप होडीचा तांडेल, म्हणजे होडी हाकणारा मुख्य माणूस. तो पुस्तक होडीवर घेऊन गेला.

“आणि होडीवर गेलेली वस्तू परत मागायची नसते आमच्यात. मला लाज वाटायची तुमची. म्हणून तर दर वेळी दोन बोंबील जास्त टाकते.”

तीसेक वर्षं ते दोन बोंबील मी माझ्या गोड बोलण्याचं फळ समजत आले होते.

“मग उद्या घेऊन ये.”

“बाबा नाय देणार. आता बंदी हाय म्हणून घरी तरी हाय. सरांना बघायचं असंल तर सरांनी यावं.”

अध्यक्षांनी गाडी दिली आणि गाडीबरोबर स्वतःलाही दिलं. त्यांच्या मांडीवर एक शाल होती. सर इस्त्रीचा शर्ट घालून पुढे बसले होते. धाकट्या डहाणूत गल्ली अरुंद झाली तिथे उतरलो. बोंबील वाळवायच्या बांबूंच्या वलांड्या पावसाळ्यामुळे मोकळ्या होत्या, त्यांच्याखालून वाकून घरापर्यंत गेलो.

तांडेल आता होडीवर जात नाही, मुलगा जातो. म्हातारा पंचाहत्तरीच्या पुढचा, काळा आणि काटक. त्याने एक प्लॅस्टिकचा डबा पुढे ठेवला. डब्यात हळदकुंकू, काडेपेटी, अगरबत्तीचा पुडा आणि जाड प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेलं पुस्तक होतं. कव्हर कधीच गेलेलं. पहिल्या पानावर आमच्या शाळेचा शिक्का होता. वास बोंबलाचा होता.

सरांनी ते दोन्ही हातांत घेतलं. “एवढी वर्षं तुम्ही हे जपलंत,” ते म्हणाले.

“जपणारच,” तांडेल म्हणाला. “एवढं हसवणारं दुसरं काय हाय आमच्याकडं?”

सर गोंधळले. “पण ती विनोदी कादंबरी नाहीये.”

“पान अकरा काढा.”

सरांनी काढलं. छापलेल्या ओळींमध्ये, कडेला, खाली, सगळीकडे बॉलपेनने लिहिलेलं होतं.

“सर, तुमी पौर्णिमेला दुपारी बारा वाजता खाडी कोरडी केलीय.”

“हो. यान चिखलात उतरतं. शाळेचा मास्तर मधल्या सुट्टीत खाडीतून चालत त्याच्याकडे जातो.”

“चालत? पौर्णिमेला बाराला भरती असते, तीबी उधाणाची. मास्तर बुडाला तुमचा. गोष्ट पान अकरावर संपली.”

दारात जमलेल्या बायका आधीच हसायला लागल्या होत्या. गोष्ट त्यांना पाठ असावी.

अध्यक्षांना वाटलं, सत्कारमूर्तीची बाजू घ्यायला हवी. “पण तांडेल, हे यान तर मंगळावरून आलंय...”

“येऊ दे की! आमची हरकत नाय. हिरवी माणसं येऊ दे, तीन डोळे असू दे, सगळं मान्य. पण पाणी?”

अध्यक्षांनी शाल दुसऱ्या मांडीवर घेतली.

सर पान बघत राहिले. मग हळूच म्हणाले, “मी देशावरचा. नोकरीला इथे नवीन होतो. खाडी एकदाच नीट पाहिली होती, दुपारी. कोरडी होती. गोष्टीला चांदणं हवं होतं, म्हणून पौर्णिमा घातली.”

“कुणाला विचारायचं तरी.”

“विचारण्यासारखे सगळे होडीवर गेले होते.”

यावर तांडेल पहिल्यांदा हसला. मला मात्र ट्रंकेतली एक कादंबरी आठवली. दोन चंद्र असलेल्या ग्रहावर भरती कशी येईल याचं त्यात सात पानी गणित आहे, आणि ते अचूक असल्याची एका प्राध्यापकांची पत्रंही सरांनी ठेवली आहेत. दोन चंद्रांचं बरोबर आलं, एकाचं चुकलं.

सर आता पानं उलटत होते आणि कडेचं मोठ्याने वाचत होते. तांडेलाने नुसत्या चुका काढल्या नव्हत्या, दुरुस्तीही केली होती. बारा खोडून ‘सकाळी साडेसहा’ केलं होतं. ‘मधल्या सुट्टीत’ खोडून ‘शाळा भरायच्या आधी’. कादंबरीत यान चिखलात तीन दिवस उभं राहतं, तिथे लिहिलं होतं, ‘सहा भरत्या येऊन गेल्या. यान बांधलं कुठं?’ प्रश्न बहुतेक बरेच दिवस छळत असावा, कारण चार पानांनंतर, वेगळ्या रंगाच्या शाईत, त्याचं उत्तर होतं. ‘नांगर टाकला असंल.’

सर हसायला लागले. एवढे हसले की त्यांना ठसका लागला आणि पाणी आणावं लागलं.

“नांगर!” ते डोळे पुसत म्हणाले. “यान जागच्या जागी राहावं म्हणून मी त्याला चुंबकीय क्षेत्र दिलं होतं, बाई. दीड पान!”

“ते आम्ही सोडून देतो वाचताना,” तांडेलाने सांगितलं.

पुढे एका पानावर काहीच लिहिलेलं नव्हतं. फक्त कडेला, आम्ही वह्या तपासताना करतो तशी, बरोबरची खूण होती. त्या पानाचा कोपरा बोटांनी काळा पडला होता. सरांनी मान वर केली. “इथे काही चुकलं नाही?”

“तिथं बरोबर हाय,” माझी कोळीण म्हणाली. तो पाहुणा किनाऱ्यावर येतो आणि एक बाई त्याला काही न विचारता चुलीवर भाजलेला बोंबील आणि भाकर देते, तो भाग. “दारात आला, जेवायला घातला. कुठला हाय ते मागनं विचारायचं. नवीन खलाशी आला की बाबा पहिलं हे पान वाचून दावायचे. हसायचं पान अकरा मागनं.”

सरांनी ते पान वाचलं, एकदा भरभर आणि एकदा सावकाश. कलमाला पहिली पालवी फुटली की ते जसं म्हणतात तसं ते म्हणाले, “हे बरंय.”

आणि पुस्तक मिटून तांडेलाला परत दिलं.

अध्यक्षांना हे अनपेक्षित होतं. आपण सभागृहात काचेचं कपाट करू, आत दिवा लावू, खाली पाटी लावू, असं त्यांनी जाहीर केलं.

“कपाटात कोण वाचणार?” तांडेलाने विचारलं.

“सोहळ्यापुरतं तरी द्या ने!”

बापलेकींनी एकमेकांकडे पाहिलं. मग लेकीने आतून पेन आणलं, पुस्तकाच्या शेवटच्या कोऱ्या पानावर सरांचं नाव लिहिलं, समोर तारीख घातली आणि सरांची सही घेतली. “नारळी पौर्णिमेच्या आत परत पाहिजे. पानं दुमडू नका. थुंकी लावून उलटू नका.” हे तिन्ही माझेच नियम. ते पाळलेले बघायला मला तीसेक वर्षं थांबावं लागलं, पण थांबल्याचं चीज झालं.

सोहळा व्हायचा तसा झाला. दीपप्रज्वलनाला काडी पाचव्यांदा पेटली. फ्लेक्सवरचं शतक तसंच राहिलं. उरलेली बारा सर लवकरच लिहितील असं अध्यक्षांनी भाषणात सांगितलं आणि सरांनी मान हलवून नकार दिला. मग सर उठले आणि पान अकरा वाचायला लागले, छापलेलं एकदा आणि दुरुस्त केलेलं एकदा. पहिल्या रांगेत तांडेल बसला होता, अंगावर शाल. शेवटी ती त्यालाच मिळाली होती. सर अडखळले की तो जागेवरून सांगत होता. मागे धाकट्या डहाणूची माणसं गुडघ्यावर थापा मारून हसत होती आणि त्यांचं बघून, काय झालं ते न कळलेले मान्यवरही. त्यानंतर सरांनी बोंबलाचं पान वाचलं. त्या पानाला तांडेल मध्ये बोलला नाही.

हार घालून होतोय न होतोय तोच माझी कोळीण पिशवी घेऊन स्टेजवर चढली. “सर, पुस्तक.” सरांनी हारातून हात बाहेर काढून ते दिलं. तिने पानं दुमडलीत का ते तिथेच तपासलं.

नारळी पौर्णिमेला सरांनी मला फोन करून खाडीवर बोलावून घेतलं. होड्यांना नवीन रंग होता, पताका होत्या, वाजंत्री होती. सर गर्दीपासून जरा बाजूला, घड्याळ हातात काढून घेऊन उभे होते. बारा वाजून गेले तेव्हा पाणी धक्क्याच्या वरच्या पायरीला लागलं होतं. सरांनी पाण्याकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं.

“मास्तर नक्कीच बुडाला असता,” ते म्हणाले.

तांडेलाच्या मुलाने डबा होडीत ठेवला.

यादी मी त्याच संध्याकाळी पुरी केली. ‘खाडीतले पाहुणे’च्या पुढचा रकाना तेवढा राहिला होता. तिथे लिहिलं, ‘सुधारित आवृत्ती. उपलब्ध प्रत एक. सध्या समुद्रात. बंदीच्या काळात धाकट्या डहाणूस चौकशी करावी.’