‘प’चा ‘ब’

आमची लेक कॉलेजात व्हिडिओ आर्ट शिकते. म्हणजे नेमकं काय, हे मी बहिणीला फोनवर समजावायला गेले आणि थोड्याच वेळात कुवेतच्या उन्हाळ्यावर घसरले.

परीक्षेच्या फिल्मसाठी तिने इथल्या अब्बासिया भागातल्या आमच्या इमारतीची माणसं गच्चीवर कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी केली. मोबाइलमधल्या बताक्यावर, म्हणजे इथल्या ओळखपत्रावर, प्रत्येकाचं नाव अरबीत असतं. ते कॉम्प्युटरने मोठ्याने वाचायचं. अरबीत ‘प’ नाही, ‘च’ नाही, त्यामुळे आपल्या नावांची पार वाट लागते. मोबाइलमधला माणूस म्हणजे आपण नव्हेच, हे तिला दाखवायचं होतं. म्हणून कुणी वळता कामा नये. एक जण वळला तरी सगळ्यावर पाणी.

खालच्या मजल्यावरच्या रत्नागिरीच्या चाचांनी स्वतःचंच नाव ऐकून शेजाऱ्याला हळूच विचारलं, की हा कोण नवीन राहायला आला? नवऱ्याचं नाव आलं, तोही ढिम्म.

मग माझं. लग्नात नवऱ्याने अंगठीने तांदळात माझं नवं नाव लिहिलं, तेव्हापासून मी त्या नावाची. पासपोर्ट मात्र शाळेच्या दाखल्यावरून निघाला, म्हणून बताक्यावर माहेरचं नाव राहिलं. आई गेल्यापासून त्या नावाने मला कुणी हाक मारली नव्हती. यंत्राने ‘प’चा ‘ब’ करून मारली, आणि मी झटकन वळले. वर ओसुद्धा दिली.

सगळी गच्ची हसली. मलाही हसू आवरेना, आणि डोळे भरून आले ते वेगळंच. लेक डोकं धरून बसली. दुसऱ्या दिवशी फिल्म द्यायची होती आणि सगळ्यांना पुन्हा गोळा करणं अशक्य होतं.

रात्री तिची समजूत घालायला गेले, तर ती स्क्रीनवर माझं वळणं पुन्हा पुन्हा बघत होती.

"आई, हे तुझं खरं नेम आहे? यू नेव्हर टोल्ड मी."

तिने काहीच कापलं नाही. फिल्म आता माझ्या तोंडावर संपते. कॉलेजात टाळ्या तिथेच पडल्या म्हणे.

त्या संध्याकाळी नवऱ्याने बाहेरच्या खोलीतून चहासाठी हाक मारली. तांदळात दुसरं नाव लिहिणाऱ्या माणसाने, माझ्या माहेरच्या नावाने, ‘ब’सकट. मला पहिल्या हाकेलाच ऐकू आलं होतं. पण मी ओ दिली नाही. मारू दे की पुन्हा.