रेकॉर्डच न केलेली काळी चार

आधीच सांगते, वाचकांच्या भुताखेतांच्या अनुभवांचं हे सदर मी वाचते ते चिडण्यासाठी. पिंपळ, अमावस्या, पांढरी साडी, आणि नेमक्या त्याच क्षणाला लाईट जाणार... लाईट आमच्याकडं हवं तेव्हा जाते, तिला भूत कशाला लागतंय? असल्या गोष्टींवर माझा कधी विश्वास नव्हता, आणि वाचकांपैकी कुणी "ताई, घरात एकदा शांत करून घ्या" असं लिहिलं तर मी उत्तर देणार नाही. माझ्याबाबतीत जे झालं ते भर सकाळी, कोल्हापुरात, राजारामपुरीतल्या आमच्या दुसऱ्या मजल्यावरच्या घरात झालं. खाली भाजीवाला ओरडत होता.

मी साउंडचं काम करते. जुन्या वाद्यांचा आवाज रेकॉर्ड करायचा आणि तो कॉम्प्युटरवर वाजवता येईल असं सॉफ्टवेअर बनवायचं. पुण्याचा मंदार माझा पार्टनर; आवाज मी घेते, प्रोग्रॅमिंग तो करतो. काम अतिशय कंटाळवाणं आहे. वाद्याची एकेक पट्टी दाबायची, तिचा सूर रेकॉर्ड करायचा, आणि त्यातला मधला तुकडा असा जोडायचा की पट्टी दाबून ठेवली तर सूर थांबूच नये. याला लूप म्हणतात. लूप मध्येच तुटत नाही आणि पुन्हा जोडला जात नाही, एवढं फक्त लक्षात असू द्या.

या वेळचं वाद्य घरातलंच होतं. अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, जुना इलेक्ट्रिक ऑर्गन. अण्णा ऑर्केस्ट्रात वाजवायचे. गणपतीतले कार्यक्रम, लग्नं, पार चंदगडपर्यंत एसटीच्या टपावर ऑर्गन बांधून जायचे. कार्यक्रम बंद झाल्यावर ऑर्गन घरी आला आणि रोजचा रियाज सुरू राहिला. आता त्याचे पार्ट कुठंच मिळत नाहीत, आणि एकेक पट्टी दगा द्यायला लागलेली. "ह्यो बंद पडला की मी बी बंद," असं अण्णा येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत सुटले होते. म्हणून मी ठरवलं की हा आवाज निदान सॉफ्टवेअरमध्ये तरी ठेवायचा, म्हातारा बसेल तरी वाजवत.

आता आईचं सांगते. तिला वाजवता यायचं नाही. शिकवलंच नाही कुणी. तिचं काम एकच. अण्णा रियाजाला बसले की डाव्या टोकाला स्टूल घ्यायचं आणि खालच्या सप्तकातली काळी चार, म्हणजे चौथी काळी पट्टी, बोटानं धरून बसायचं. अण्णांचा सा तो. बाकीचे वादक पोस्टकार्डाची घडी करून पट्ट्यांच्या फटीत खोचतात, सूर आपोआप चालू राहतो. अण्णांना ते चालायचं नाही, पोस्टकार्डाचा सूर म्हणे मेलेला लागतो. अहो, इलेक्ट्रिक ऑर्गन तो! खाली कॉन्टॅक्ट टेकला की झालं, वर बोट आहे का पोस्टकार्ड त्याला काय कळणार? कॉलेजात असताना मी हे त्यांना समजावून सांगितलं होतं. "तुला लई कळतंय," एवढं उत्तर मिळालं.

तर आई एका हातानं पट्टी धरायची आणि दुसऱ्या हातानं मेथी निवडायची. दूध वर आलं, दार वाजलं, की उठावंच लागायचं. सूर तुटायचा. अण्णा डोळेसुद्धा न उघडता ओरडायचे, "कुठं मेलीस गं?" अख्ख्या बिल्डिंगला ते पाठ झालेलं. मग ती पदराला हात पुसत यायची आणि पुन्हा पट्टी धरायची, एक शब्द न बोलता. माझ्या जन्माच्या आधीपासून हे चाललेलं. दोन वर्षांपूर्वी ती गेली, आणि तेराव्यानंतर अण्णांनी गुपचूप पोस्टकार्ड खोचलं. तेव्हा चालला की पोस्टकार्डाचा सूर! त्या दिवशी मला जो राग आला तो अजून तसाच आहे.

रेकॉर्डिंग करताना ती काळी चार मी शेवटाला ठेवली होती. वर्षानुवर्षं दाबून तिचा कॉन्टॅक्ट झिजलेला, आत एक बारीक खरखर यायची. म्हटलं बाकीच्या सगळ्या उरकू, मग हिला उघडून साफ करू. तेवढ्यात खंडेनवमी आली. हत्यारांची, वाद्यांची पूजा. मी अण्णांना बजावून सांगितलं होतं की हळद-कुंकू लावा, झेंडूची माळ घाला, काय करायचं ते करा, पण नारळ गॅलरीत वाढवा. आणि मी आंघोळीला गेले.

बाहेर येते तर ऑर्गनच्या बुडातून धूर. ह्या माणसानं ऑर्गन चालू ठेवून, देवाला दिसावं म्हणून त्याच्या कडेलाच नारळ वाढवलेला. सगळं पाणी पट्ट्यांच्या फटीतून आत. मी किंचाळले. अण्णा म्हणाले, देवाचं पाणी हाय, त्यानं काय हुतंय. काय हुतंय ते झालं होतं. ऑर्गन कायमचा गेला, आणि काळी चार रेकॉर्ड व्हायची राहिली ती राहिलीच.

आठवड्याभरात अण्णांचं तोंड बघवेना. भाकरी अर्धी टाकायला लागले, कुणाशी बोलेनात, ऑर्गनवर एक चादर टाकली ती काढेनात. म्हणून मी घाई केली. काळी चारच्या जागी शेजारच्या पांढरी पाचचा आवाज थोडा वर ताणून बसवला. असं आम्ही नेहमी करतो. आवाज पोकळ येतो, पण चालून जातो. मंदारनं सॉफ्टवेअर जोडून पाठवलं, मी मेलेल्या ऑर्गनवरच एक छोटा की-बोर्ड मांडला, लॅपटॉप लावला आणि काळी चार दाबून बघितली.

खरखर आली.

पांढरी पाचला खरखर नव्हती. फाईल उघडून ऐकली, स्वच्छ होती. मंदारला फोन केला, त्याच्याकडंही स्वच्छ वाजत होतं. तो म्हणाला, वायर बघ. वायर बदलली, स्पीकर बदलले, हेडफोन लावला. जी पट्टी मी कधी रेकॉर्डच केली नाही, तिचीच ती झिजलेल्या कॉन्टॅक्टची खरखर. मला भीती वगैरे काही वाटली नाही. काम बिघडलं की मला फक्त राग येतो. जाऊ दे म्हटलं, अण्णांना तर आवडेल.

रविवारी सकाळी त्यांना बसवलं. आढेवेढे घेतले, पण बसले. सा चालू राहावा म्हणून स्क्रीनवर एक बटण आहे, ते दाबलं की पट्टी धरून बसायला कुणी लागत नाही. ते दाबून दिलं. अण्णांनी सूर ऐकला, मान हलवली आणि दोन्ही हातांनी वाजवायला लागले. इतक्या दिवसांनी चेहरा सैल पडलेला बघून मलाही बरं वाटलं. बराच वेळ चांगलं चाललं होतं.

आणि सा तुटला. स्क्रीनवर बटण दाबलेलंच दिसत होतं, आवाज मात्र बंद. अण्णांचे डोळे मिटलेले. बोटं तशीच चालू ठेवून ते ओरडले, "कुठं मेलीस गं?"

त्यानंतर त्यांची बोटं थांबली. आणि थोड्या वेळानं, कुणी हात पुसून येऊन बसावं तसा, तो सा पुन्हा लागला. खरखरीसकट.

लोक अशा वेळी घाबरतात, रडतात, देवाचं नाव घेतात. माझं डोकं फिरलं. एवढी वर्षं जे तोंडाबाहेर काढलं नव्हतं ते सगळं काढलं. "अण्णा, मेलीय ती. दोन वर्षं झाली. अजून तुमचाच सूर धरून बसवताय व्हय तिला? मेल्यावर तरी उठू द्या की."

"मी कुठं बसवलंय," अण्णा म्हणाले. पण आवाज अगदी बारीक.

मी लॅपटॉप बंद केला. पुढचे दिवस मी आणि मंदार त्याच्या मागं लागलो. सॉफ्टवेअर नव्यानं टाकलं, दुसरा लॅपटॉप आणला. मी वाजवलं की सा तुटायचा नाही. मंदारकडंही तुटायचा नाही. अण्णा बसले की मात्र मध्येच जायचा आणि परत यायचा. मी ते सगळं रेकॉर्डसुद्धा केलं आहे, तुटल्याची जागा स्पष्ट दिसते. मंदार म्हणाला, की-बोर्ड बदल, अण्णांचा हात कुठंतरी लागत असेल. पार्टनर म्हणून तो गुणी आहे, पण त्या दिवशी मी त्याच्यावरही ओरडले. अण्णांनी त्यानंतर बसायचंच सोडलं.

मग एके दिवशी, भात लावून मी हॉलमध्ये आले तर अण्णा आईच्या स्टुलावर. डाव्या टोकाला. बोट काळी चारवर. "तू वाजव. मी धरतो," म्हणाले. मला धड वाजवता येत नाही, हे त्यांना माहीत आहे. तरी मी बसले. शाळेतल्या प्रार्थनेसारखं काहीतरी बडवत राहिले. ते पट्टी धरून बसले होते आणि सा एकदाही तुटला नाही. बोट त्यांनी जरासुद्धा काढलं नाही. चुकतंय असंही एकदा म्हणाले नाहीत, आणि हा माणूस ते म्हटल्याशिवाय राहत नाही.

कुकरच्या शिट्ट्या झाल्या. मी उठायला लागले तर म्हणाले, "बस तू." आयुष्यात पहिल्यांदा रियाजातून उठून माझा बाप गॅस बंद करायला गेला. पट्टीवरचं बोट त्यांनी माझ्या डोळ्यांसमोर उचललं.

सा चालूच राहिला.

पट्टी वर आलेली. स्क्रीनवर एकही सूर दाबलेला दिसत नाही. बटण बंद. आणि सा संथ चालू आहे, खरखरतोय. ते उठून गेले म्हणून हिनं धरला! म्हणजे आता तरी आई सुटेल म्हणून मी एवढा तमाशा केला, म्हाताऱ्याला नको नको ते बोलले, आणि ही बया पुन्हा तिथंच येऊन बसली. मला रडू यायला पाहिजे होतं. आला संतापच. रिकाम्या स्टुलाकडं बघून मी मोठ्यानं म्हणाले, "सोड, आई. बास झालं. ऊठ तिथनं."

तत्क्षणी थांबला. अण्णा ओल्या हातानं दारात आले. स्टुलाकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं आणि विचारलं, "घालवलीस व्हय?"

तेव्हापासून काळी चारला फक्त ताणलेल्या पांढरी पाचचा तो पोकळ आवाज येतो. खरखर नाही. अण्णा वाजवतात तेव्हाही तुटत नाही. सॉफ्टवेअर म्हणून एकदम चोख झालंय, मंदार खूश आहे. अण्णा रोज थोडा वेळ बसतात, मधूनच थांबून कान देतात आणि मग उठून जातात. मला एका शब्दानंही दोष देत नाहीत, आणि त्याचाही मला राग येतो.

स्टक नोट म्हणजे अडकून राहिलेला सूर, लूपिंग एरर, सॉफ्टवेअर हँग होणं, हे सगळं तपासून झालंय. यातल्या कशानंही ती खरखर आणि ते तुटणं-लागणं समजावता येत नाही. माझ्याकडं स्पष्टीकरण नाही, आणि तुमच्याकडं असेल असं वाटत नाही. अण्णा तिला ओरडायचे म्हणून मी आयुष्यभर त्यांच्यावर दात धरला. आणि तिच्याशी शेवटचं बोलायची संधी मिळाली तेव्हा मीही तिला हुकूमच सोडला. आणि तिनं तोही ऐकला, एक शब्द न बोलता.