पडवीतली खुर्ची

नणंदेची मुलगी पुण्यात फिल्म करायला शिकते. मागं ती राजुरीला आमच्याकडे आली ती कॅमेरा घेऊनच. तिच्या फिल्ममध्ये ना गोष्ट, ना गाणं. बाईनं आपल्याच घरात, जिथं ती कधी बसत नाही तिथं बसायचं आणि काहीही करायचं नाही. उठावंसं वाटलं की उठायचं, संपलं. मी म्हटलं, बाई गं, हे बघायला काळं कुत्रं तरी येईल का?

पण वस्तीवरची एक बाई धड बसेल तर शपथ. एकीला दूध उतू गेल्याचा वास आला, शेजारणीला शेळी मेथीत शिरलेली दिसली, आमच्या जाऊबाई तर काही नसतानाच उठल्या. मी सगळ्यांना हसून घेतलं. मग माझी पाळी आली.

भाचीनं मला पडवीतल्या सासऱ्यांच्या खुर्चीत बसवलं. साधी प्लास्टिकची खुर्ची, पण लग्न होऊन एवढी वर्षं झाली तरी मी ती फक्त पुसत आले होते. सासरे समोर आले की आम्ही सुना उभ्या राहतो. कुणाला सांगावं लागत नाही. मी मनाशी पक्कं केलं, आज ते आले तरी उठायचं नाही.

ते ओझरहून चतुर्थीचं दर्शन करून आले. मी बसलेलीच. त्यांनी कॅमेरा पाहिला, बस बस, चालू दे तुमचं म्हणाले आणि पायरीवर टेकले. भाची खूश झाली. माझं मात्र डोकं तापलं. ते बस म्हणाले ते कॅमेरा होता म्हणून, हे मला कळत होतं.

दुसऱ्या दिवशी भाची पुण्याला गेली. संध्याकाळी डेअरीत दूध घालून आले आणि मी सरळ त्याच खुर्चीत बसले. सासरे आळेफाट्याहून आले, पायरीशी थांबले. त्यांनी कोपऱ्यात बघितलं, दारामागं बघितलं.

"आज बी शूटिंग हाय का?"

"न्हाई," मी म्हटलं.

पायाचे तळवे जमिनीला दाबून धरले आणि बसून राहिले. मग ते आत गेले, स्वतःच दुसरी खुर्ची घेऊन आले, आणि माझ्यापासून थोडी लांब मांडून बसले.