श्रीकिसनभाऊंचे सात डबे

एका दुपारी श्रीकिसनभाऊंच्या मुलीचा, सुनीताचा फोन आला. ‘मास्तर, बाबा गेले,’ एवढं बोलून ती थांबली आणि मग म्हणाली, ‘ते डबे… त्यांचं काय करायचं?’ त्याचं उत्तर मला ठाऊक होतं. 

श्रीकिसनभाऊंच्या वडिलांची परतूरला फिरती टॉकीज होती. घरचा आडतीचा धंदा भावांवर सोडून भाऊ पुण्याला गेले आणि सरकारी संग्रहात जुन्या फिल्मा जपण्यात त्यांची अख्खी नोकरी गेली. निवृत्त होऊन परतले, तेव्हा घनसावंगीकडच्या एका गोदामात त्यांना एका जुन्या मराठी चित्रपटाचे सात डबे सापडले. दुसरी प्रत कुठंच नव्हती. पुण्याला कळवलं होतं, पण आधी स्वतःच्या हातानं साफ करायचे, हा त्यांचा हट्ट. फिल्म कुजू लागली की व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो, आणि एक आंबलेला डबा शेजारच्यालाही नासवतो. म्हणून दर अमावस्येला, मोंढ्याचा बाजार बंद असला की, भाऊ एकेक डबा उघडून हुंगत आणि झाकणावर खडूनं ‘बराबर’ लिहीत.

फाल्गुनातल्या अमावस्येला मी सहज गेलो आणि उंबऱ्यातच थबकलो. ‘भाऊ, लोणच्याची बरणी फुटली का?’

‘मास्तर, तुमचं ध्यान सदा खाण्यातच!’ ते हसले. हातात उघडा डबा होता. मग हसू विरलं. त्यांनी डबा नाकाशी नेला, पुन्हा नेला… ‘मला काहीच वास येऊन न्हाई राह्यला. दिवाळीला ताप आला ना, तव्हापासून. परवा डाळ करपली, सुनीता ओरडली तव्हा कळलं.’ किती अमावस्या त्यांनी वास न येताच ‘बराबर’ लिहिलं होतं, ते मी विचारलं नाही. ‘कोणते आंबले, तुम्ही सांगा. खरं सांगा. जास्त असतील तर आजच्या गाडीनं पुण्याला नेतो.’

मी सातही हुंगले. पाच आंबले होते. भाऊ लहान पोरासारखे माझ्या तोंडाकडं बघत होते. मी म्हणालो, ‘एकच. तिसरा.’

‘मंग बचलो,’ म्हणत त्यांनी तिसरा डबा परसातल्या खोलीत नेऊन ठेवला. बाकीचे सहा पुन्हा लोखंडी कपाटात, एकावर एक. पुढच्या अमावस्येला त्यांनी मला बोलावलं, त्याच्या पुढच्याही. ‘हुंगा मास्तर, आता तुमचंच नाक.’ एकदा बोललेलं मला मोडता आलं नाही. मी ‘बराबर’ म्हणत गेलो, ते लिहीत गेले… आणि उन्हाळाभर ते बंद कपाट तापत राहिलं.

भाद्रपदात भाऊ गेले. तेराव्यानंतर पुण्याच्या संग्रहातून दोघं आले. फिल्म उलगडेना, सातही डब्यांत तिची वडी झाली होती. ‘उन्हाळ्याआधी एक-दोन डबे तरी धड असतील,’ त्यांतला एक हळूच म्हणाला. डबे घेऊन ते गेले.

परवा डब्यांच्या कपाटाच्या खोलीत गेलो. कपाट रिकामं, खिडक्या सताड उघड्या, तरी तो वास जागचा हलला नव्हता. ‘फिनेलनं पुसून घे एकदा,’ मी म्हणालो.

‘नको मास्तर,’ सुनीता म्हणाली. ‘बाबांच्या फिल्मांचा वास आहे. मी रोज थोडा वेळ येऊन बसते इथं… तुम्ही पण बसा ना.’

मी बसलो.