मुराफ्यातली नवी साक्ष

माझ्या पायाला जन्मापासून भिंगरी, पण त्या वर्षी बाबांनी मला मागं टाकलं. मुन्सिफाच्या, म्हणजे खालच्या, अदालतीत आमचा खटला बुडाला होता आणि बाबा दिवसभर ओसरीवर येरझारा घालत होते. आडाजवळची खोली चुलतकाकांची ठरली होती. त्या खोलीत माझी आत्या राहायची. लग्नानंतर वर्षभरात नवरा गेला, तेव्हापासून तिची चूल, तिचं अंथरूण, तिचे देव सगळं तिथंच. खोली गेली की तिला आमच्या माजघरात, आईच्या हाताखाली यावं लागणार होतं. आणि त्या दोघींचं एका चुलीवर कधी शिजलं नव्हतं.

खोली खरं तर आमचीच. आजोबा आणि त्यांचे भाऊ, म्हणजे चुलतकाकांचे वडील, वेगळे निघाले तेव्हा गारखेड्यातल्या चार जाणत्या माणसांसमोर चिठ्ठ्या टाकल्या होत्या. चिठ्ठी उचलायला घरातलं लहान मूल बसवतात, कारण त्याला लबाडी येत नाही. ते मूल म्हणजे आत्या. तिनं उचललेल्या चिठ्ठीनं ही खोली आमच्या वाट्याला आली. कागद कुणी केला नाही. पुढं ते दोघे भाऊ गेले, ती चार माणसंही गेली. तिऱ्हाइताला सांगता येईल अशी उरली एकटी आत्या, कारण बाबा स्वतःच खटल्यातले, त्यांचं बोलणं म्हणजे आपल्याच घरच्या म्हशीला शिंगं मोठी.

तरी बाबांनी खालच्या अदालतीत तीन पुरुष उभे केले. त्यांच्यापैकी एकानंही ती वाटणी डोळ्यांनी पाहिलेली नव्हती, आणि समोरच्या वकिलानं तिघांची पार दाणादाण उडवली. आमच्यात गोषा, म्हणजे बायकांचा पडदा. बाईमाणसाचं नाव अदालतीच्या मिसलीत, त्या कागदांत, चढवणं म्हणजे आपल्या हातानं नाक कापून घेणं, असं बाबांना वाटायचं. हरल्यावर मात्र नाकापेक्षा खोली मोठी झाली.

मग वरच्या अदालतीत मुराफा, म्हणजे अपील. बाबांच्या चकरा छावणीतल्या वकीलसाहेबांकडं सुरू झाल्या. एकदा वकीलसाहेबच आमच्या ओसरीवर आले. "नवा गवाह आणता येतो," ते म्हणाले, "लेकिन अदालत पयलं हेच इचारणार, अव्वल का नाय आणला? मालूम असून घरात बसवून ठेवला असंल, तर नव्या गवाहाचा अर्ज खारिज."

घोडं तिथंच पेंड खात होतं. चिठ्ठी आत्यानं उचलली हे आमच्या घरातल्या मांजरालासुद्धा ठाऊक होतं. दर दिवाळीला फराळ करता करता ती तेच सांगायची. शेवटी बाबांनी तोड काढली. आत्यानं म्हणायचं, मी हे कुणाला बोलले नव्हते, दादाला यंदाच कळलं.

हे वाक्य तिच्याकडून घोकून घ्यायचं काम माझ्याकडं आलं. दुपारी ती शेंगा फोडत बसायची आणि मी वकील व्हायची. वाटणीचं सगळं ती सरसर सांगे. यंदाच कळलं, इथं आली की नुसतं "हं" करून पुढची शेंग उचले. मी तिच्या हातातली शेंग काढून घ्यायची. "आत्या, नीट म्हण की."

"म्हणते गं," ती म्हणायची. म्हणत काही नव्हती.

गोषातल्या बाईची साक्ष अदालत घरी माणूस पाठवून घेई. तो कमिशनर आला त्या दिवशी माजघराच्या दारात चादर बांधली. आत आत्या आणि मी. बाहेर कमिशनर, दोन्ही वकील, चुलतकाका आणि बाबा. चादरीखालून मला बाबांचे पाय दिसत होते. ते एका जागी ठरत नव्हते. मी ओढणीचं टोक चावून चावून ओलं केलं होतं.

वाटणीचं आत्यानं इतकं स्वच्छ सांगितलं की चुलतकाका एकदासुद्धा खाकरले नाहीत. मला वाटलं, जिंकलो. मग त्यांच्या वकिलानं हळूच विचारलं, "बाई, चिठ्ठी तुम्ही उचलली, हे तुमच्या भावाला कधी समजलं?"

मी तिच्या दंडाला चिमटा काढला.

"त्याला पयल्यापासून ठावं हाय," आत्या म्हणाली. "तवा तो माझ्याच बाजूला बसला व्हता."

अर्ज खारिज झाला आणि मागोमाग मुराफाही गेला. मला आत्याचा भयंकर राग आला. मी तिच्याशी बोलणंच टाकलं. खरं बोलून डोक्यावर छप्पर येतं का?

खोली रिकामी करायच्या दिवशी ती देव पाटीत ठेवत होती. बाबा दोनदा दारापर्यंत येऊन परत गेले. तिसऱ्यांदा आत आले. "एवढं एक वाक्य बोलली असतीस तर काय बिघडलं असतं? खोली तुझीच ऱ्हायली असती."

आत्यानं पाटीवर फडकं टाकलं.

"दादा, लगीन लावलं तवा मला इचारलं नाय. नवरा मेल्यावर हितं आणलं तवा बी नाय. जन्मात पयल्यांदा कुणी मला काय इचारलं, तर तिथं बी तुझंच बोलू व्हय?"