दोन इडल्या, चार तास

मी मुळात भित्रा माणूस. साप निघाला की काठी शोधायच्या आधी गल्ली गोळा करतो आणि दवाखान्याच्या पायरीवर पेशंटच्या आधी माझेच पाय लटपटतात. त्यामुळे मायला घेऊन संभाजीनगरला मी जायचं ठरलं, तेव्हा आता कोण कोणाला सांभाळणार, यावर घरात दोन दिवस हसणं चाललं होतं.

कुरुंद्याजवळ आमचं गाव. माय पासष्टीची, दहा-बारा वर्षांपासून शुगर. तीन महिने झाले, तिला उलट्या होत होत्या आणि सकाळच्या उलटीत आदल्या दिवशीची भाजी ओळखू यायची. नांदेडच्या डॉक्टरांनी तोंडातून दुर्बीण घालून पाहिलं. गाठ नव्हती, वाट कुठं बंद नव्हती. पण उपाशीपोटी नेलेल्या मायच्या पोटात कालचं जेवण तसंच पडून होतं. ते म्हणाले, पोटाची हालचाल मंदावली असावी. अन्न किती वेगानं पुढं सरकतं ते मोजणारा एक स्कॅन असतो, तो करून या. फारच मंद निघालं तर पुढं नळीनं अन्न द्यावं लागेल. त्यानंतर ते बरंच काही बोलले, पण नळीच्या पुढचं मला काही ऐकू आलं नाही.

स्कॅनची जागा तळघरात होती. दारावर पिवळी पाटी, तिच्यावर पंख्याच्या तीन पात्यांसारखी काळी खूण. ती खूण पाहूनच मी दोन पायऱ्या परत वर चढलो. तिथली टेक्निशियन मुलगी मात्र रोज भाजी निवडावी तशी निवांत. तिनं समजावलं, की दोन इडल्यांत किरणं सोडणारं थोडंसं औषध मिसळलेलं असतं. मावशींनी त्या दहा मिनिटांत संपवायच्या. मग लगेच एक फोटो, एका तासानं दुसरा, दोन तासांनी तिसरा, चार तासांनी शेवटचा. पोटात किती उरलं ते यंत्र सांगतं. माय बावरली होती म्हणून मला आत बसू दिलं. हातमोजे घालून तिनं बशी मायच्या पुढं ठेवली आणि ती पलीकडं यंत्र लावायला गेली.

मायनं एक इडली कशीबशी संपवली. दुसरी उचलली आणि माझ्याकडं हात केला.

"घे. तू बी रातपासून उपाशी हायेस."

मी खरंच उपाशी होतो. तिला उपाशी ठेवून तिच्यासमोर खायचं कसं, म्हणून. पण इडली घेतली त्याचं खरं कारण ते नाही. मायचा हात पुढं आला की माझं तोंड उघडतं, ही चाळीस वर्षांची सवय. इडली गिळल्यावर मला समजलं, की आपण काय गिळलं.

"मावशी, सगळं खाल्लं ना?" मुलीनं येऊन विचारलं.

"व्हय, खाल्लं," माय म्हणाली. मी तोंड पुसलं.

पहिला फोटो झाला. बाहेरच्या बाकावर बसून मी घामानं भिजलो. आधी स्वतःच्या पोटाची भीती वाटली. आत काहीतरी तापतंय असं उगाच वाटायला लागलं. मग दुसरा विचार आला आणि त्याची मला आजही लाज वाटते. पोटात एकच इडली गेली म्हणजे ती लवकर सरकेल. रिपोर्ट चांगला येईल. नळीचं नावच निघणार नाही. मी मनातल्या मनात खूश झालो.

तासानं दुसऱ्या फोटोसाठी हाक आली. माय उठली ती एक मूठ पोटात दाबून.

"दुखून राहिलं का?"

"न्हाई. बराबर हाय."

ती मूठ पाहून माझं धाबं दणाणलं. हा खोटा चांगला रिपोर्ट घेऊन आम्ही घरी गेलो, तर ही अशीच मूठ दाबून एक दिवस संपेल आणि मारणारा मी असेन. मी धावत आत गेलो आणि सगळं सांगून टाकलं.

मुलगी मला नको नको ते बोलली. बोलायलाच पाहिजे होतं. तुम्हाला काही होणार नाही, औषध फार थोडं असतं, पाणी प्या, असंही म्हणाली. स्कॅन तिथंच थांबला. पुढच्या आठवड्यात परत या. बसमध्ये माय खिडकीकडं तोंड करून बसली. वसमत आल्यावर एवढंच म्हणाली, "काहून सांगितलं?"

दुसऱ्या वेळी मी समोरच्या भिंतीला टेकून उभा राहिलो, हात मागं बांधून. मुलगी मायच्या डोक्याशी उभी. माय घास तोंडात फिरवत राहिली, डोळे मिटून गिळत राहिली. मधेच बशीवरून नजर उचलून तिनं खोलीभर पाहिलं. कोणाला द्यावं म्हणून ती शोधत होती. आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं, की मायला पूर्ण जेवण जेवताना मी जन्मात पाहिलेलं नाही. आमच्यात बायका मागून जेवतात. माय तर सगळ्यांच्या मागून, चुलीकडं तोंड करून. ताटात काय होतं, कोणी विचारलं नाही. उरलेली भाकर कधी माझ्या ताटात, कधी गाईपुढं. पोटचा पोरगा, पण मला काहीच माहीत नव्हतं.

चार तासांत चार वेळा पडद्यावर पोटातल्या इडलीचा पांढरा डाग मी पाहिला. दोन तासांनी तिथंच. चार तासांनीही अर्ध्याहून जास्त तिथंच. मी मनात हात जोडत होतो आणि डाग काही हलत नव्हता.

नांदेडच्या डॉक्टरांनी रिपोर्ट वाचला. नळी आज नको, आधी शुगर ताब्यात आणू, पातळ आणि थोडं थोडं खायला देऊ, गोळी सुरू करू, दोन महिन्यांनी बघू. पण पोट बरंच थकलंय, म्हणाले. मग त्यांनी मला विचारलं, "हा त्रास कधीपासून आहे?"

"तीन महिने," मी लगेच सांगितलं.

मायनं पदर सारखा केला. "त्येला काय ठावं," ती डॉक्टरांना म्हणाली. "तीन हळदी निघाल्या, साहेब."

डॉक्टरांना समजलं नाही. त्यांनी माझ्याकडं पाहिलं. आमच्याकडं हळद वर्षातून एकदाच निघते, हे त्यांना मला सांगावं लागलं.