चार बॉक्सच्या मधली खुर्ची

"बुढा बहिरा झाला बे. इतकी सीटी वाजून राहिली, अन् हा मस्त सुपारी चघळून राहिला."

हे मला हेडफोनमधून ऐकू आलं. सडक अर्जुनीजवळच्या एका गावात साक्षगंध होतं, म्हणजे साखरपुडा. मांडवामागे, स्वयंपाकाच्या जागेपाशी, मी रेकॉर्डर मांडीवर घेऊन बसले होते. मला मोठ्या गंजातून भात उपसतानाचा आवाज हवा होता. कानांवर हेडफोन दिसले की लोक आपल्यासमोर खुशाल बोलतात. प्रत्यक्षात माईक सुरू असला की मला वाढप्यांची कुजबुजसुद्धा कळते.

"हळू बोल ना बे, पोरगी हाये त्याची."

"तिचे कान बंद हायेत. लग्नाले गोंदियावाला डीजे सांगतो म्हणे नवरदेवाचा मामा. ह्याले कोन बोलावते आता?"

बुढा म्हणजे माझे बाबा. ते मांडवाच्या दुसऱ्या टोकाला मिक्सरपाशी बसले होते. माईक सीटी मारत होता, बारीक, दातांत शिरणारी. पुढच्या रांगेतल्या बायकांनी पदर कानाशी धरले होते, आणि बाबा शांतपणे ट्रेबलचं, म्हणजे बारीक आवाजाचं, बटण आणखी चढवत होते.

मी रेकॉर्डिंग थांबवलं. घरी येऊन ते पुसून टाकलं, भातासकट.

आमची मंडप आणि साऊंड सर्व्हिस माझ्या जन्माआधीची. बाबांनी आधी भोंग्यांच्या आणि नंतर मोठमोठ्या स्पीकर बॉक्सच्या शेजारी बसून गावोगावची लग्नं पार पाडली, आणि त्यातून मला गोंदियाच्या इंग्रजी शाळेत घातलं. तिथे मी वर्गात इंग्रजी शिकले, मधल्या सुट्टीत हिंदी, आणि उरलेल्या वेळात गप्प राहणं. कॉलेजात लॅपटॉपवर आवाज जोडायचा नाद लागला. मी वाद्यं वापरत नाही. बोअरची मोटर, सुपात घोळणारे तांदूळ, हायवेवर ब्रेक मारणारे ट्रक, असं काहीबाही टिपते. ते ताणते, एकावर एक चढवते, चारही बाजूंनी फिरवते, म्हणजे ऐकणारा त्याच्या आत बसलेला असतो. आईचा प्रश्न ठरलेला. "पण ह्याच्यात गानं कधी सुरू होते?"

साक्षगंधात जे ऐकलं ते मी आईला सांगितलं. ती आधी हसली.

"माह्यं तं यायले लग्नापासूनच आयकू येत नाई."

मग पुढ्यातलं ताट बाजूला सारून म्हणाली, "त्यायले काही बोलू नको. मशीनवरून उठवलं तं माणूस खाटेलेच लागते."

मला गप्प राहायला सांगायची खरं तर गरज नव्हती.

त्यानंतर मी बाबांकडे नीट पाहू लागले. ते समोरच्याचे ओठ पाहत. न कळलेल्या गोष्टीला "हो हो, करून टाकू" म्हणत, आणि मग कोणाच्या तरी मांडवात पांढऱ्याच्या जागी पिवळे पडदे लागत. माझं बोलणं तर त्यांना सर्वात कमी कळत असणार. मी हळू बोलते. आमच्यात फारसं बोलणं होत नाही, हे इतकी वर्षं मी दोघांच्या स्वभावावर ढकलत आले होते.

उन्हाळ्यातल्या लग्नाच्या तारखा निघाल्या. दरवर्षी येणारी माणसं रस्त्यावरून जाताना हात करत, आत येत नसत. बाबा गोदामात बॉक्सवरची धूळ पुसत बसत. "यंदा मुहूर्तच कमी हायेत," असं आम्हाला सांगत.

माझी नवी रचना तेव्हा पुरी होत आली होती. हेडफोनमध्ये ती डोक्याच्या आतच अडकून राहत होती. तिला जागा हवी होती, कोपरे हवे होते. मी बाबांना चार बॉक्स मागितले. दोनदा सांगावं लागलं.

"माह्या बॉक्सवर? तुह्यं?"

ते इतके खूश झाले की आपण हे का मागितलं, असं मला वाटलं. भर दुपारी कामावरच्या दोन माणसांना हाताशी घेऊन त्यांनी गोदाम रिकामं केलं, कनाती भिंतीशी रचल्या, चार कोपऱ्यांत चार बॉक्स उभे केले. मधोमध लाल गादीची नवरदेवाची खुर्ची ठेवली आणि स्वतःच तिच्यावर बसले. ती दोघं बिड्या पेटवून दाराशी थांबली.

"काका, अक्षता टाकू का आता?"

"टाक ना. तुह्या काकीले विचारून टाक."

सुरुवातीला बोअरची मोटर होती, खूप खालच्या सुरात उतरवलेली. छपराचे पत्रे थरथरले. "आपली मोटर हाये ना हे?" बाबा ओरडले. मी मान हलवली. मग ट्रक एका भिंतीतून शिरून दुसऱ्या भिंतीतून बाहेर गेले, तशी बाबांची मान फिरली. माझं काम असं मन लावून कोणी ऐकलं नव्हतं.

हळूहळू खालचे आवाज विरले आणि फक्त रातकिडे उरले. धानाच्या शेतात, बांधीच्या धुऱ्यावर बसून टिपलेले, सूर चढवून आणखी बारीक केलेले, चारही बॉक्समधून गोल गोल फिरणारे. या तुकड्यावर मी सर्वात जास्त खपले होते. दाराशी कोणीतरी "बापरे" म्हणालं.

बाबा थोडा वेळ तसेच बसून राहिले. मग उठले. एका बॉक्सची वायर हलवून पाहिली. दुसऱ्याच्या जाळीला कान लावला. तिसऱ्याच्या जाळीवर तळहात टेकवून उभे राहिले. मग मिक्सरपाशी आले. तिथे आवाज दाखवणारे हिरवे दिवे वर-खाली नाचत होते. ते बराच वेळ दिव्यांकडे पाहत राहिले, आणि नंतर माझ्याकडे.

"संपलं का, बेटा?"

नुसतं हो म्हणायचं होतं. त्यांनी तर उत्तर माझ्या हातातच दिलं होतं. मी मशीन बंद केलं असतं, ते खुर्ची उचलायला लागले असते, आईनेही सुटकेचा श्वास सोडला असता. आणि मग कुठल्या तरी मांडवात, भरल्या पंगतीसमोर, नवरदेवाच्या मामाने त्यांना हे माईकवरून सांगितलं असतं. दाराशी उभी असलेली दोघं खाली जमिनीकडे पाहत होती.

"सुरू आहे, बाबा," मी म्हणाले.

"आँ?" ते जवळ आले आणि माझ्या ओठांकडे पाहू लागले. "काय म्हणते? मोठ्यानं बोल ना."

रातकिडे आमच्याभोवती फिरतच होते. त्यांच्यावरून, दाराशी उभ्या असलेल्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्याने मी म्हणाले, "आवाज सुरू आहे, बाबा! तुम्हाला ऐकू येत नाही!"